सूनबाईंची काळी कॉफी

"ताई, रोज बिनदुधाची कॉफी प्यायली तर पित्त होतं ना हो?"

कंपाउंडच्या भिंतीवर कढीलिंबाची डहाळी ठेवता ठेवता वहिनींनी विचारलं, आणि पित्त खवळलंय ते कॉफी पिणारीचं नव्हे, हे मला लगेच कळलं. वहिनींकडे सून येऊन अजून वर्ष झालेलं नाही. नोकरी बंगळुरूच्या कंपनीत, काम मात्र घरून. वरच्या मजल्यावर दार लोटून दिवसभर कानाला हेडफोन. आमच्या या गंगापूर रोडच्या गल्लीत सुनांकडून फारशा अपेक्षा आता कुणी ठेवत नाही. तरी सकाळचा चहा सगळ्यांनी ओट्यापाशी उभं राहून एकत्र घ्यावा, एवढं वहिनींच्या मनात असतं. आणि ही मुलगी चहाच घेत नाही.

"पित्ताचं मला नका विचारू, मी स्वतःच पिते. काय झालं ते सांगा."

"व्हायचंय काय? रोज अकरा वाजले की गाडी काढते, कॉलेज रोडला जाते आणि कागदी ग्लासातून काळं पाणी घेऊन येते. दोनशे वीस रुपये! करा हिशेब महिन्याचा. बोलायची सोय नाही, पैसे तिचे. म्हणून म्हटलं, पाडव्याला तिला ते गॅसवरचं कॉफीचं भांडंच द्यावं. हे बघा, मी बघून ठेवलंय." मोबाइल भिंतीवरून माझ्या हातात आला.

फोटो मोका पॉटचाच होता. अष्टकोनी, चकचकीत. खाली लिहिलेलं: बारा कप.

"बारा कप कशाला हो?"

"पाहुणे आले तर? भांडं मोठंच असावं बाई."

"तुमच्याकडे येतात ते सगळे चहावाले. तुमचे दीर तर कॉफीचा वास आला की खिडकी उघडतात."

"पण अर्धं भरून ठेवलं तर चालेलच की. मोठ्या पातेल्यात थोडं दूध तापवत नाही का आपण?"

नेमकं इथंच बहुतेकांचं चुकतं. म्हटलं थांबा, आणि आत जाऊन माझा पॉट घेऊन आले. भाचा इटलीत तोरिनोला शिकायला होता, त्यानं येताना आणलेला. भिंतीवर वर्तमानपत्र पसरलं, पॉट पिळून उघडला आणि एकेक भाग मांडला. खालचं पाण्याचं भांडं, त्याच्या अंगाला पितळी व्हॉल्व्हचं बोंडूक. मध्ये बसते ती लांब नळीची चाळणी. वरचं भांडं, त्याच्या पोटातून उभी राहिलेली नळी, आणि त्याच्याच बुडाला रबरी कडं न् भोकाभोकांची चकती.

वहिनींनी आधी रबर नखानं उचकटून पाहिलं. "अहो, हे तर कुकरचंच रबर!"

"कुकरचंच नातेवाईक आहे हे सगळं. व्हॉल्व्हपर्यंत येईल न येईल इतकं पाणी खाली भरायचं. तापलं की वरच्या मोकळ्या जागेतली हवा आणि वाफ पाण्याला दाबते. पाण्याला जायला वाट एकच, या चाळणीची नळी. तिच्यातून चढतं, कॉफीतून जातं आणि वरच्या नळीतून बाहेर येतं."

"मग शिट्टी कुठाय?"

"शिट्टी नाही. हा व्हॉल्व्ह आहे तो फक्त संकटापुरता. वाट तुंबली, दाब वाढला, की हा उडून वाफ बाहेर सोडतो. म्हणून पाणी त्याच्या वर जाऊ द्यायचं नाही, आणि पॉट घेताना पहिल्यांदा हाच बघायचा. व्हॉल्व्ह नीट बसलेला आहे का, आटे सरळ पिळले जातात का, अडकतात का. ज्या स्वस्त भांड्याचे आटे दुकानातच करकरतात, ते गॅसवर सांध्यातून पाणी गाळणार हे नक्की."

"आणि रबर?"

"रबर झिजतं, कडक होतं, बदलावं लागतं. कुकरचं रबर भांडीबाजारात कुठंही मिळेल, याचं नाही मिळत. म्हणून ज्या कंपनीचं रबर आणि चकती सुटी विकत मिळते, त्याच कंपनीचा पॉट घ्यावा. बाकी रंग-बिंग नंतर."

अर्ध्या भरण्याचा प्रश्न वहिनी विसरल्या नव्हत्या. त्या सहसा काही विसरत नाहीत. माझ्या धाकट्याच्या लग्नात त्यांना कुठल्या रांगेत बसवलं होतं, तेही त्यांच्या लक्षात आहे. मग सांगितलं. पाणी कमी घातलं की हवेची जागा वाढते आणि सगळं गणित बिघडतं. पूड कमी घातली की ती चाळणीत सैल पडते आणि पाणी बाजूनं सटकतं. म्हणजे कॉफी एक तर कडूजहर, नाही तर पाणचट. चाळणी काठोकाठ भरायची, वरून बोटानं सपाट करायची, चेपायची मात्र नाही. थोडक्यात, पॉट जेवढ्याचा तेवढीच कॉफी त्यात करायची. एकटीसाठी बारा कपांचा घेतला तर रोज अर्धा लिटरहून जास्त कॉफी होणार आणि मोरीत जाणार.

"मग किती कपांचा घेऊ? दोन? ती दिवसातून दोनदा पिते."

"तीन कपांचा."

"का बाई? दोनदा म्हटलं मी."

"कारण त्यांचा कप म्हणजे आपला कप नव्हे. इटलीतला कॉफीचा कप जेमतेम चाळीस-पन्नास मिलिलिटरचा. तीन कपांच्या पॉटमधून निघते साधारण 130 मिलिलिटर. आपला चहाचा कपसुद्धा धड भरत नाही."

वहिनींचा चेहरा पडला. तीन कपांचे पैसे मोजून एक कप कॉफी मिळते, हे त्यांना पटेना. मी कप आणून पाणी ओतून दाखवलं, तेव्हा म्हणाल्या, "कसले हो हे लोक, मोजायलासुद्धा कंजूष!" सहा कपांचा पावणेतीनशेच्या आसपास देतो. नवरा-बायको दोघं पिणारे असतील, किंवा एकीला मोठा मग भरून लागत असेल, तर सहाचा. वहिनींचे चिरंजीव चहावाले, तेव्हा तीनचाच बरा. खरं तर दुकानात गेलं की हात मोठ्याकडेच जातो, कारण तिनाच्या आणि सहाच्या किमतीत फरक फार नसतो. तो मोह आवरायचा.

एवढ्यात कोपऱ्यावरचे काका फिरून परत येताना दिसले. मला धडकीच भरली, कारण कॉफी म्हटलं की काका थांबणारच. त्यांनी मागं इलेक्ट्रिकचं मोठं मशीन घेतलं होतं, दांड्याबिंड्यांचं, दुधाला वाफ मारणारं. पहिला महिनाभर गल्लीतल्या प्रत्येकाला बोलावून बोलावून पाजली. आता ते मशीन माळ्यावर आहे आणि काकू त्याच्या खोक्यात कुरडया ठेवतात. हे वहिनींनी मला सांगितलेलं, मी कुणाला सांगितलेलं नाही.

काकांनी भिंतीवरचा पसारा पाहिला आणि चष्मा वर केला. "ही काही एस्प्रेसो नव्हे बरं का. एस्प्रेसोला नऊ बार दाब लागतो!"

"बरोबर आहे काका, हा एक-दीड बारचाच खेळ. वरचा सोनेरी फेसही याला तसा येत नाही. पण चव दाट येते, कडक येते, आणि हे माळ्यावर ठेवावं लागत नाही."

काका पुढं गेले. वहिनी पदरात तोंड लपवून हसल्या. पण काकांचं म्हणणं खरंच होतं, ते मान्य करायला हवं. कॅफेतली एस्प्रेसो हवी असेल तर मोका पॉट घेऊच नये, निराशा होते. ज्या वाफेच्या यंत्रांपासून त्या कॅफेतल्या यंत्रांची सुरुवात झाली, त्यांचं पहिलं पेटंट अँजेलो मोरिओन्दोनं 1884 साली तोरिनोतच घेतलं होतं. गॅसवरचा हा पॉट त्यानंतर जवळजवळ पन्नास वर्षांनी आला, तो घरच्या बायकांच्या ओट्यासाठी. दोघांची तुलना करण्यात अर्थ नाही.

"हे काढलं कुणी पण?" वहिनींनी विचारलं. वस्तूमागं माणूस असला की वहिनींना ती वस्तू आवडते.

मग मी भाच्याकडून ऐकलेलं सगळं पुराण लावलं. तोरिनोहून उत्तरेला, पिएमोंते प्रांतात, ओर्ता नावाचं तळं आहे. त्याच्या टोकाला ओमेन्या गाव, भांडी करणाऱ्यांचं. तिथल्या क्रुझिनाल्लो भागात अल्फोन्सो बियालेत्ती नावाच्या माणसाचा ॲल्युमिनियमचा कारखाना. काम शिकला फ्रान्समध्ये, परत येऊन 1919 साली स्वतःचं सुरू केलं. 1933 साली त्यानं हा आठ बाजूंचा पॉट काढला. सांगतात असं, की त्या काळी बायका कपडे उकळायला जे भांडं वापरत, त्यात मधल्या नळीतून साबणाचं गरम पाणी चढून वरून कपड्यांवर पडायचं. ते बघून याला ही कल्पना सुचली.

"म्हणजे बायकोच्या धुण्यावरून! आणि नाव झालं याचं."

"नाव तरी कुठं झालं लगेच? हा आपला जवळपासच्या बाजारांत विकत बसला. नाव केलं पोरानं. रेनातो. युद्ध संपल्यावर 1946 साली धंदा हातात घेतला आणि जाहिरातीच जाहिराती. तो बोट वर केलेला मिशाळ माणूस असतो बघा पॉटवर, तो त्यानंच आणला."

"बापानं बनवलं, पोरानं विकलं. आमच्या ह्यांच्या गिरणीचं उलट झालं."

"ऐका तर. हा रेनातो नव्वदी ओलांडून 2016 च्या फेब्रुवारीत गेला. दहन झालं. आणि अस्थी कशात ठेवल्या असतील?"

वहिनी भिंतीवर ओणवल्या.

"मोका पॉटमध्ये. मोठा मुद्दाम केलेला, मिशाळ माणसाच्या चित्रासकट. चर्चमध्ये पाद्र्यांनी त्याला आशीर्वाद दिले."

"शिव शिव शिव!" वहिनी दोन पावलं मागं सरल्या. मग जरा थांबून म्हणाल्या, "पोरांनीच केलं असणार. आमच्या ह्यांना सांगितलं तर म्हणतील, माझ्या अस्थी तंबाखूच्या डबीत ठेवा."

आता आलेच आहे तर पुढचंही सांगून टाकते, कारण वहिनींना यातच जास्त रस. त्याच गावात अलेस्सी म्हणून दुसरं बडं घराणं, स्टीलच्या नखरेल भांड्यांचं. बियालेत्तीची लेक त्या घरात दिलेली. आणि 1979 साली त्या अलेस्सींनी रिचर्ड सॅपर नावाच्या डिझायनरकडून स्वतःचा कॉफी पॉट करवून घेतला. सगळा स्टीलचा, बुडाशी रुंद, पिळायच्या ऐवजी खटक्यानं उघडणारा. आजोळच्या धंद्यासमोर नातवांचं दुकान! देखणा आहे, पण त्याच्या किमतीत आपला मिक्सर येतो. आणि मूळ बियालेत्तींचा ओमेन्यातला कारखाना 2010 साली बंद झाला. काम परदेशात गेलं. तेव्हा 'अस्सल इटलीचा' म्हणून कुणी जास्त पैसे सांगायला लागला, तर बुडाखाली काय लिहिलंय ते वाचावं आणि मगच पाकीट उघडावं.

"किती पडतो?"

"नाववाला तीन-चार हजारांच्या घरात. आपल्याकडचे बिननावाचे हजार-बाराशेपासून. मी म्हणते नावापेक्षा सांधा, व्हॉल्व्ह आणि रबर बघा. वरच्या भांड्यात बोट फिरवून बघा, नळी खरबरीत, ओबडधोबड ओतलेली नको. आणि मूठ धरून बघा."

मुठीवरून पलीकडच्या गल्लीतली हकीकत निघालीच. तिथल्या एका घरी नवा पॉट मोठ्या बर्नरवर ठेवला, आच बुडाच्या बाहेर आली आणि काळी मूठ मऊ होऊन खाली झुकली. घरभर वास. कंपनीला फोन केला तर कंपनी म्हणते, सूचना वाचा. आपल्या शेगडीची खरी अडचण हीच आहे. जाळीच्या दांड्या मोठ्या पातेल्यांसाठी लांब लांब असतात आणि तीन कपांचा पॉट मध्येच कलंडतो. छोट्या भांड्यासाठी एक गोल जाळी मिळते, पाचपन्नास रुपयांची. ती पॉटबरोबरच घ्यायची. छोटा बर्नर, मंद आच, मूठ आचेच्या बाहेर.

"आणि झालं कसं कळायचं? शिट्टी नाही म्हणता."

यासाठी त्यांना भिंतीवरून बोलावून आत ओट्यापाशीच उभं केलं. खालच्या भांड्यात मी गरमच पाणी भरते, म्हणजे पूड फार वेळ तापत बसत नाही. मग पॉट फडक्यानं धरून पिळावा लागतो. झाकण उघडं ठेवलं. थोडा वेळ काहीच नाही. वहिनी म्हणाल्या, चहा झाला असता एव्हाना. मग नळीच्या तोंडाशी काळपट मधासारखी धार फुगली आणि नळीच्या अंगावरून सरकत खाली आली. फवारा नको, अशी सावकाशच यायला हवी. भांड्याचं बूड झाकलं, पातळी वर आली, रंग काळ्याचा तांबूस, तांबसाचा पिवळट व्हायला लागला आणि आतून खरखर ऐकू आली. त्या क्षणी गॅस बंद करून पॉटचं बूड नळाखाली धरलं. ती खरखर म्हणजे पाणी संपलं, आता नुसती वाफ येतेय. ती आली की कॉफी जळकी लागते. बहुतेक लोक खरखर संपेपर्यंत थांबतात आणि मग म्हणतात, मोकाची कॉफी कडू.

वहिनींनी घोट घेतला, डोळे मिटले आणि म्हणाल्या, "औषध."

त्याच कॉफीत दुप्पट गरम दूध, साखर आणि जायफळाचे दोन वळसे घालून दिले. ती मात्र संपवली. वर विचारलं, "घरी उपासाची कॉफी पावडर आहे, ती चालेल का यात?"

"पाकिटावर वाचा. चिकोरी किती टक्के, ते लिहावंच लागतं. मिश्रणात निम्म्याहून थोडी जास्त कॉफी असली की कायद्याला पुरतं, निदान 51 टक्के. बाकी चिकोरी. ती फिल्टरला ठीक, पण या चाळणीत चिकट लगदा होतो आणि वाट तुंबते. बिनचिकोरीची घ्या, मोका पॉटसाठी म्हणून दळून मागा. बारीक मिठापेक्षा किंचित बारीक, पण पिठासारखी नको. चिकमगळूरची, कूर्गची कुठंही मिळते. आपल्या चिखलदऱ्यालाही होते थोडी."

"अय्या, चिखलदऱ्याला? आम्ही गेलो होतो तेव्हा नुसतं धुकं बघून आलो."

धुण्याचं सांगितलं तेव्हा मात्र वहिनी गंभीर झाल्या, कारण त्यांच्या बाई भांड्याला तारेची घासणी लावल्याशिवाय राहत नाहीत. ॲल्युमिनियमच्या पॉटला तार नको आणि डिशवॉशर तर नकोच, काळा ठिक्कर पडतो. गरम पाणी, हात, फडकं, आणि सगळे भाग सुटे ठेवून वाळवायचं. इटलीतले म्हणतात, पॉट धुऊच नका, थर साचला की चव येते. मला हे साफ नामंजूर. कॉफीचं तेल चार दिवसांत खवट होतं आणि तोच वास पुढच्या कॉफीला लागतो. नव्या पॉटमधली पहिली दोन-तीन वेळची कॉफी मात्र टाकून द्यायची.

"टाकून?" वहिनी.

"टाकून. गुलाबाला घाला."

राहता राहिला धातूचा प्रश्न. माझं मत स्टीलकडे. ॲल्युमिनियम हलका, लवकर तापतो, स्वस्त, पण काळा पडतो, आणि घरात कुणी ॲल्युमिनियमची भीती घातली की रोज तीच चर्चा. स्टीलचा महाग पण घासता येतो, शिवाय इंडक्शनवर चालतो. ॲल्युमिनियमचा इंडक्शनवर तापतच नाही.

"इंडक्शन तर आहे ना वर," मी म्हटलं. "तिच्या खोलीबाहेर पँट्री केलीय तुम्ही. मग स्टीलचाच घ्या. फक्त बूड केवढं ते बघा, लहान बुडाचं भांडं पुष्कळ इंडक्शनना समजतच नाही, मधे लोखंडी चकती ठेवावी लागते. पण सोय होईल. तिला खाली यायलाच नको."

वहिनी एकदम गप्प झाल्या. बशीवर बोट फिरवत होत्या.

"म्हणजे ताई, ॲल्युमिनियमचा घेतला तर तो वर चालणारच नाही?"

"नाही. गॅसच लागणार."

"आणि गॅस खालीच आहे."

"खालीच."

"आणि मंद आचेवर ठेवून, खरखर येईपर्यंत तिथंच उभं राहायला लागतं म्हणालात."

"पाच-सात मिनिटं तरी. डोळा ठेवून."

"सकाळी साडेसातला आमचा चहा असतो," वहिनी म्हणाल्या, आणि मोबाइल उघडून बारा कपांच्या फोटोवरून खाली खाली सरकू लागल्या. "तीन कपांचा, ॲल्युमिनियमचा. गोल जाळी वेगळी. रबर एक जास्तीचं. आणि हे बघा, त्या लोखंडी चकतीचं तिच्यासमोर काही बोलू नका बरं."

"मी कशाला बोलतेय? पण तिनं स्वतः शोधून काढलं तर?"

"तोवर सवय लागेल," वहिनी म्हणाल्या आणि कढीलिंब इथंच विसरून निघाल्या, कारण गल्लीच्या तोंडाशी त्यांच्या बाईंची सायकल दिसली होती आणि तारेच्या घासणीचा विषय आजच काढायचा होता.